ताईची रजिस्ट्री

सरकारी वकिलानं कागद माह्या नाकापुढं धरला अन् विचारलं, "इसमें दस्तावेज लेखक की जगह किसका नाम है?"

"माहंच," मी म्हणालो, अन् मंग आठवलं की कोर्टात हिंदीत बोलायचं असते. "मेरा है."

"और खरीददार?"

"शारदाबाई. मेरी बड़ी बहन."

"बस, अभी इतना ही पूछना था," तो म्हणाला अन् गालात हसला. मले त्याचं थोबाड फोडावंसं वाटलं. पण चूक त्याची नव्हती, हे मले त्याच्याहून जास्त माहीत होतं.

आधी मी कोण ते सांगतो. अनंतराव उमरेडकर. आजा नागपूरकडून रेल्वेच्या नोकरीत रायपूरले आला, बाप रेल्वेतच घासला, मले ती नोकरी काही लागली नाही. म्हणून रजिस्ट्री ऑफिसच्या आवारात टिनाच्या शेडखाली टेबल टाकलं अन् चाळीस वर्षं लोकांची खरेदीखतं लिहिली. आधी हातानं, कॉम्प्युटर आल्यावर टायपिंगवाल्याले सांगून. लायसन्स माह्या नावाचं. उमरेडकरच्या टेबलावरचा कागद परत येत नाही, असं बाबू लोक म्हणत अन् मले ते ऐकायले आवडे. आता जिभेवर आलंच आहे तर सांगून टाकतो, त्यातल्या एकाही कागदात खरी किंमत नव्हती.

यात नवल काही नाही. जमीन घेणारा देतो बाजारभाव, कागदावर मात्र सरकारी दर लिहायचा, म्हणजे स्टॅम्प कमी लागते. वरचे पैसे रोख. पंडरी बाजारातला कापडवाला असो, डॉक्टर असो, का शाळेतला मास्तर, खरी किंमत लिहा असं मले कोणी कधी म्हटलं नाही. खरा आकडा एका कच्च्या चिठ्ठीवर राहायचा. ती मीच लिहायचो, दोन्ही पार्टीच्या सह्या घ्यायचो, अन् रजिस्ट्री होऊन वरचे पैसे पोचले की सगळ्यांसमोर तिचे चार तुकडे करून चहाच्या कपात बुडवायचो. शेडमधले सगळेच असं करत. चिठ्ठी बुडाली म्हणजे सौदा संपला, कोणाची मान कोणाच्या हातात राहिली नाही. चिठ्ठी बुडवताना मले मोठं पुण्य केल्यासारखं वाटे.

शारदाताई माह्याहून पाच वर्षांनी मोठी. भाऊजी मालगाडीचे गार्ड. तिचा सारा संसार रेल्वेच्या क्वार्टरात झाला, दर बदलीले भांडीकुंडी बांधा अन् नव्या गावी सोडा. प्रत्येक क्वार्टरच्या मागं तिनं पेरूचं झाड लावलं अन् एकाचाही पेरू खाल्ला नाही. फळ धरायच्या आत बदली. भाऊजी रिटायर झाले अन् वर्षाच्या आत गेले. एकच पोट्टी, ती लग्न होऊन दुर्गले. फंडाचे पैसे हातात आले तेव्हा मी म्हणालो, फ्लॅट घेऊन टाक.

"मले जमीन पायजे अनंता," ती म्हणाली. "मी लावलेलं झाड सोडून जा, असं मले कोणी म्हणणार नाही अशी."

मीच शोधली. अभनपूर रोडपासून आत, करेलीडीह नावाच्या गावात दीड एकर. विकणारा तिथलाच, कृष्णा नावाचा. अठरा लाखांत सौदा ठरला. कागदावर मी सहा लिहिले.

ताई टेबलाशी बसली होती. "अठरा देऊन राहिली ना मी? मंग सहा काहून?"

"स्टॅम्पचे नव्वद हजार वाचतात. त्यात बोअर मारून घेजो."

"अन् उद्या काही झालं तर?"

"काय होते बाप्पा? मी आहो ना."

"वाचून तर दाखव."

खरेदीखताच्या शेवटी इकडे एक ओळ असते: पढ़कर सुनाया, समझा, सही पाया. ती ओळ मी हजारो वेळा लिहिली असेल, पण वाचून कोणालेच दाखवलं नाही. पाठीमागं लाइन उभी असते, बाबूची जेवायची वेळ होत असते. मी म्हणालो, "मी लिहिलं आहे ताई, आता त्यात वाचायचं काय? कर सही." तिनं केली. रजिस्ट्रीचा कागद हातात आला तर तो परत माह्याकडंच दिला. "तुह्याजवळच राहू दे. माह्याकडून हरवते." मी कागद पिशवीत टाकला अन् चिठ्ठी चहात बुडवली.

वाचलेल्या पैशात बोअर झाला. एकशे ऐंशी फुटांवर पाणी लागलं तेव्हा ताईनं मले पेढे दिले. दोन खोल्या बांधल्या, चाळीस पेरू लावले. तिसऱ्या वर्षी झाडं फळली. पहिला पेरू घेऊन ती बस पकडून पुरानी बस्तीत माह्या घरी आली, तो कापला, मीठ लावलं अन् मी खाईपर्यंत समोर बसून राहिली. पेरू थोडा कचवटच होता. मी गोड आहे म्हणालो.

त्याच वर्षी तिकडून नवा रस्ता काढायचं ठरलं. ताईची पूर्ण दीड एकर रस्त्यात.

सरकार जमीन फुकट घेत नाही. मोबदला देते, इकडे त्याले मुआवजा म्हणतात. तो ठरवायले आजूबाजूच्या अलीकडच्या रजिस्ट्र्या पाहतात, जमीन कितीले गेली ते. करेलीडीहच्या रजिस्ट्र्यांत काय सापडणार? आम्ही लिहिलेलं तेच सापडणार. ताईच्या जमिनीचे धरले सहा, कायद्यानं त्याचे दुप्पट, बारा. घराचे अन् झाडांचे थोडे वेगळे. कागद देताना बाबू तिले म्हणाला, "दीदी, आपका तो डबल हो गया." अठरा देऊन घेतलेल्या जमिनीचे बारा मिळाले अन् वरून डबल. रस्त्याची बातमी फुटल्यापासून आसपासचे भाव असे चढले होते की त्या पैशात तिले अर्धा एकरही कोणी देत नव्हतं. ताईले बाकी काही नको होतं. गेली तेवढी जमीन दुसरीकडे घेता येईल, एवढाच मुआवजा पायजे होता.

समता कॉलनीत एका दवाखान्याच्या वर देवयानी नावाच्या वकील पोट्टीचं ऑफिस आहे. आपल्याच लोकांतली. मराठी सगळं समजते, उत्तर मात्र हिंदीत देते. तिनं मुआवजा वाढवून मिळायले अर्ज टाकला. सरकारचं उत्तर आलं तेव्हा तिनं मले एकट्याले बोलावलं.

"काकाजी, सरकार ने छह रजिस्ट्रियाँ लगाई हैं. छहों आपकी लिखी हुई हैं."

मी सहाही कागदांचं शेवटचं पान उलटून पाहिलं.

"और सबसे भारी वाली बुआजी की खुद की है. कोर्ट पूछेगा, आपने छह में ली, अब अठारह किस मुँह से बोल रही हो?"

"बँकेचं पासबुक आहे ना. अठरा काढल्याची एंट्री आहे त्यात."

"निकाले, ये दिखता है. दिए किसको, ये नहीं दिखता. कच्ची चिट्ठी है?"

मी सांगितलं, चहात बुडवली.

तिनं डोक्याले हात लावला. मंग म्हणाली, की आता दोनच माणसं खरं सांगू शकतात. एक विकणारा अन् दुसरा लिहिणारा. विकणाऱ्या कृष्णाकडे मी दुसऱ्याच दिवशी गेलो. त्यानं खाट टाकली, पाणी दिलं, अन् यात अडकवू नको म्हणून हात जोडले. "मोला झन फँसा भैया. पैसा कहाँ से आया पूछेंगे तो मैं क्या बोलूँगा?" त्याले काय म्हणणार? मी स्वतः तरी कोणता शूर होतो.

खरं सांगतो, मी एक वर्ष टाळलं. कधी बीपी, कधी लग्न, कधी काय. माहा मुलगा यशोधन सरकारी ऑफिसात आहे. तो म्हणाला, "पापा, पागल हो क्या? लाइसेंस जाएगा, ऊपर से केस बनेगा." मले तेच ऐकायचं होतं, म्हणून मी त्याले रागावलो नाही. ताईनं वर्षभरात एकदाही विचारलं नाही. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

मंग ताबा घ्यायले मशीन आलं. मी गेलो होतो. झाडं पाडायले काही वेळ लागत नाही. चाळीस झाडं अर्ध्या तासात आडवी, कच्च्या पेरूंसकट. बोअरचं तोंड मातीनं बुजवलं. ताई भांड्यांचं गाठोडं बांधून टेम्पोजवळ उभी होती. गाठ पक्की बसली का ते तिनं दोनदा ओढून पाहिलं, जशी दर बदलीले पाहायची. म्हणाली, "हेही क्वार्टरच निघालं रे." तिथून मी घरी गेलो नाही. सरळ देवयानीच्या ऑफिसात जाऊन म्हणालो, गवाहीची तारीख घे.

तर मी त्या कठड्यात उभा होतो. सरकारी वकिलाचं झाल्यावर न्यायाधीशांनीच विचारलं, "आपका कहना है कि असली कीमत अठारह लाख थी, और आपने जानबूझकर छह लिखी?"

"हव साहेब," माह्या तोंडून निघालं. "जी. मैंने ही लिखी. बहन ने पूछा था, मैंने ही कहा कि ऐसा ही होता है."

"ऐसी कितनी रजिस्ट्रियाँ लिखी हैं आपने?"

देवयानीनं आधी बजावलं होतं, जेवढं विचारतील तेवढंच बोला. पण मी तापट माणूस. त्या सरकारी वकिलाचं हसू डोक्यात बसलं होतं.

"सगळ्या," मी म्हणालो. "सब की सब, साहब. जिसकी भी लिखी. वकिलांच्या लिहिल्या, अफसरांच्या लिहिल्या. चालीस साल. पूरा रायपुर ऐसे ही लिखवाता है, अन् सरकारले हे माहीत नाही असं कोणी सांगू नये मले."

ताई मागच्या बाकावर होती. मी तिच्याकडे पाहिलं, तिनं मान हलवली, शाबास म्हणावं तशी. मले वाटलं, आपण जन्मात पहिल्यांदा कामाचं काही केलं. बाहेर पायरीवर तिनं डब्यातली थालीपिठं काढली. आम्ही दोघं भाऊबहीण तिथंच जेवलो. चार वर्षांत ती पहिल्यांदा हसली.

निकाल दोन महिन्यांनी लागला. देवयानीनं वाचून सांगितला. स्वतः सही केलेल्या रजिस्टर कागदाच्या उलट अर्जदाराले बोलता येत नाही. अन् ज्या गवाहानं जन्मभर खोटे कागद लिहिल्याचं स्वतः कबूल केलं, त्याच्या तोंडच्या शब्दावर कोर्ट विसंबू शकत नाही. अर्ज खारीज.

माह्यं लायसन्स आठवडाभरात बंद झालं. यशोधन म्हणाला, हात दाखवून अवलक्षण. या वेळी मराठीत म्हणाला. त्याचं मले काही वाटलं नाही, मी ते धरूनच चाललो होतो. शेडमध्ये माह्या टेबलावर आता दुसरा बसतो.

पण खरी गम्मत पुढं आहे. तीन महिन्यांनी ताईले नोटीस आली, स्टॅम्पच्या ऑफिसातून. तुमच्या जमिनीची खरी किंमत अठरा लाख होती असं गवाह अनंतराव यांनी कोर्टात शपथेवर सांगितलं आहे, सबब राहिलेला स्टॅम्प दंडासकट भरा. मी ती नोटीस चारदा वाचली. माह्यं एकच वाक्य. ताईले पैसे द्यायचे होते तेव्हा ते खोटं होतं. ताईकडून घ्यायचे झाले तेव्हा ते खरं झालं. मले इतकी चीड आली की मी समोरची कपबशी भिंतीवर फेकली. भिंतीवर चहाचा डाग पडला, बाकी कोणाचं काही बिघडलं नाही.

आम्ही परत समता कॉलनीचा जिना चढलो. ताईचे गुडघे दुखतात, दर चार पायऱ्यांवर थांबली.

"दो रास्ते हैं," देवयानी म्हणाली. "पहला, मान लो कि कीमत अठारह थी. दंड भरो और हाईकोर्ट चलो. बिलासपुर में अपनी बात मज़बूत रहेगी."

"किती दिवस लागतात?" ताईनं विचारलं.

"आठ साल, दस साल. कह नहीं सकते बुआजी."

ताई बहात्तरची. तिनं बोटावर काही हिशेब केला नाही.

"अन् दुसरा?"

देवयानी माह्याकडे न पाहता बोलली. "दूसरा, शपथपत्र दो कि रजिस्ट्री की कीमत ही सही है. काकाजी ने आपको फायदा दिलाने के लिए झूठ बोला. नोटिस शायद वहीं खत्म हो जाए. पर फिर ज़मीन का दावा हमेशा के लिए खत्म. और काकाजी पर झूठी गवाही का मामला बन सकता है."

ताई उठली. "चल अनंता," म्हणाली, अन् जिना उतरायले लागली.

पुरानी बस्तीत माह्या घरापासून दोन गल्ल्या सोडून ताईनं दोन खोल्या भाड्यानं घेतल्या आहेत. मुआवज्याचे जे आले त्याच्या व्याजावर भाडं अन् औषधं निघतात. दंड भरला तर त्यातलाच मोठा तुकडा जाणार. दुसऱ्या दिवशी सकाळी मी कोरे कागद अन् पेन घेऊन गेलो. शपथपत्र टायपिंगवाल्याकडे द्यायचं मले जिवावर आलं होतं.

"काय आणलं?" तिनं विचारलं.

"दुसरा रस्ता."

"मी सही करणार नाही. सख्ख्या भावाले खोटारडा म्हणून लिहून देऊ?"

"दे ना. होतोच मी. चाळीस वर्षं होतो."

"कोर्टात नव्हता," ती म्हणाली.

मी पेनाचं टोपण काढलं. मंग तिचा आवाज चढला. इतक्या वर्षांत ती माह्यावर पहिल्यांदा चिडली. "तू जन्मभर खोटं लिहिलं तेव्हा कोणाचं काही गेलं नाही रे. माह्यंच काहून गेलं? मी तुले विचारलं होतं अनंता. दोनदा विचारलं होतं. वाचून दाखव म्हणाली होती मी."

"हो ताई."

"अन् तू म्हणाला, मी आहो ना."

मी मान खाली घालून ऐकून घेतलं. आपलेच दात अन् आपलेच ओठ. ती पदरानं तोंड पुसून मोरीकडे गेली, नळ सोडला, बंद केला, परत येऊन बसली. "मले दहा वर्षं नाहीत कोर्टात बसायले," म्हणाली. "लिही."

मी हातानं लिहिलं, माह्या चांगल्या अक्षरात. मैं शारदाबाई, उम्र बहत्तर वर्ष, शपथपूर्वक कथन करती हूँ. लिहून झाल्यावर सवयीनं पेन खाली सरकलं, लेखकाचं नाव टाकायले, अन् मी ते थांबवलं. लायसन्स नव्हतं. खाली नाव नसलेला तो माहा पहिलाच कागद. माह्यं नाव या वेळी मधात होतं.

कागद तिच्यापुढं ठेवला. तिनं सही केली नाही. म्हणाली, "वाच."

मी वाचला. "रजिस्ट्री में लिखी कीमत ही सही कीमत है. गवाह अनंतराव मेरा सगा भाई है. उसने मुझे लाभ पहुँचाने के लिए न्यायालय में झूठ बोला." मी एकही शब्द गाळला नाही. शेवटची ओळही वाचली. पढ़कर सुनाया, समझा, सही पाया.

"परत वाच," ती म्हणाली.

मी परत वाचला. तिनं डोळे मिटून ऐकला, पोथी ऐकावी तसा. मंग पेन मागितलं, अन् कुठं सही करायची ते विचारून केली.

सही वाळली की मी सवयीनं हात पुढं केला. तिच्या आयुष्यातले सगळे कागद माह्याच पिशवीत जायचे. तिनं तो घडी करून आपल्या उशीखाली ठेवला.

"रजिस्ट्री कुठं आहे माही?"

"माह्या कपाटात."

"आणून दे. बोअरची पावती, नोटिसा, निकाल, जे असेल ते सगळं आण. आता माह्याजवळ राहू दे."

मी दोन गल्ल्या चालत गेलो अन् लाल नाडीची फाईल घेऊन आलो. तिनं चष्मा लावला, नाडी सोडली, एकेक कागद काढून पाहिला अन् परत लावला. मी उभाच होतो. गॅसवर कुकरची शिट्टी होत होती, वरणाचा वास सुटला होता. फाईल मांडीवर धरून ती म्हणाली, "जा आता. जेवायची वेळ झाली तुही." ताईच्या दारातून मी आजवर न जेवता कधी परतलो नव्हतो. चपला घालून मी निघालो.